अमेरिकन लोकगायिका एलिझाबेथ कॉटन गिटार उलटी का धरायच्या?

कारण साधं आहे. त्या डावखुऱ्या होत्या आणि हाती आलेली गिटार होती उजव्या हाताने वाजवायची. तारा न बदलता त्यांनी ती तशीच उलटी धरली. त्यामुळे खर्ज बोटांनी आणि सुरावट अंगठ्याने, म्हणजे सगळ्यांच्या नेमकं उलट!

जन्म नॉर्थ कॅरोलिनातला. 'फ्रेट ट्रेन' हे गाणं त्यांनी पोरवयातच रचलं. पुढे लग्न, चर्च, लोकांची घरकामं. गिटार कित्येक वर्षं बंदच. मग वॉशिंग्टनच्या एका दुकानात हरवलेली छोटी पेगी सीगर त्यांनी आईकडे पोचवली आणि त्याच संगीतवेड्या घरात कामाला लागल्या. तिथे गिटार पुन्हा हाती आली. पेगीच्या भावाने, माइक सीगरने ध्वनिमुद्रित केलेला पहिला अल्बम १९५८चा, वयाच्या साठीनंतर. ग्रॅमी १९८५ मध्ये, निधन १९८७ मध्ये.