झाकण जाम झालंय? आधी त्याला धरून कोण बसलंय ते बघा

प्रश्न : जॅमची नवी बरणी उघडायची म्हटली की घरातले सगळे एकेक करून जोर लावून बघतात आणि शेवटी कुणीतरी सुरी घुसवतं. झाकण वाकडं झालं की बरणी बाद, आणि मला तर रिकाम्या बरण्या परत वापरायच्या असतात. काय करू?

उत्तर : सुरी खाली ठेवायला सांगा आधी. सीलबंद बरणीचं झाकण आट्यांत अडकलेलं नसतंच, त्याला बाहेरची हवा दाबून धरते. जॅम गरम असतानाच भरतात, वर वाफ असते, झाकण लागतं, मग सगळं गार होताना त्या वाफेचं पाणी होतं आणि आतला दाब उतरतो. बाहेरची हवा मात्र दर चौरस सेंटिमीटरवर साधारण 1 किलोचा भार देतच असते. 63 मिलिमीटरचं झाकण धरलं तर क्षेत्रफळ झालं 31 चौरस सेंटिमीटर, आतला दाब नुसता निम्म्यावर आला असला तरी झाकणावर 15 किलो वजन ठेवल्यासारखं झालं, आता ते तसंच ठेवून झाकण फिरवायला गेलं तर मनगट दुखणारच ना! म्हणून आधी हवा आत सोडायची आणि मग फिरवायचं.

झाकणाची खालची कड नीट बघा, आतल्या बाजूला दुमडलेले छोटे कान दिसतील, बहुतेक वेळा 4 किंवा 6. काचेवरचे तिरके आटे त्यांनीच पकडलेले असतात. दोन कानांच्या मधल्या जागेत चमच्याचं बोथट टोक घाला, काचेला हलकं टेकवा आणि कड बाहेरच्या बाजूला किंचित ओढा, खरंच किंचित, कड वाकेपर्यंत नाही. टक् असा आवाज आला की झालं काम, झाकणाच्या मध्यावरचं दबलेलं गोल बटण वर आलेलं दिसेल आणि झाकण सहज फिरेल. कानावरच जोर दिलात तर तो उघडतो आणि मग ते झाकण पुन्हा कधी घट्ट बसत नाही. काहीजण झाकणाला भोक पाडतात, उघडतं लगेच, पण झाकण गेलंच की मग.

आणि हो, नव्या बरणीचं बटण उघडायच्या आधीच वर आलेलं असेल किंवा झाकण फुगलेलं असेल तर ती उघडायच्या भानगडीत पडू नका, वास बघायलाही नको, सरळ टाकून द्या.

प्रश्न : मधाच्या बरणीचं पत्र्याचं झाकण चिकटलंय. गरम पाण्याखाली धरून बघितलं, ढिम्म हललं नाही. धातू प्रसरण पावतो म्हणतात ते खोटं का?

उत्तर : खोटं नाही, पण त्याचं कौतुक जरा जास्तच होतं. 70 मिलिमीटरचं लोखंडी पत्र्याचं झाकण 50 अंशांनी तापलं तर वाढणार जेमतेम 0.04 मिलिमीटर, आणि तेवढ्यात काचही तापली तर तीही त्याच्या पाऊणपट वाढते, म्हणजे हातात काही उरतच नाही. तुमच्याकडे खरा चोर आहे तो आट्यांत वाळून बसलेला मध. गरम पाण्याने तो विरघळतो आणि झाकणाच्या आतली रबरासारखी रिंगही मऊ पडते, पण त्याला वेळ लागतो, नळाखाली क्षणभर धरून होत नाही. वाटीत गरम पाणी घ्या, झाकणाची कड बुडेल एवढंच, त्यात बरणी उलटी ठेवा आणि पाचदहा मिनिटं विसरून जा. मग झाकण आणि हात दोन्ही अगदी कोरडे करा, झाकणाला रुंद रबर बँड लावा किंवा रबरी हातमोजे घाला आणि फिरवा. निम्मे लोक ओल्या हाताने झटत बसतात आणि झाकणाला शिव्या घालतात. पक्कड मात्र नको, पत्रा चेपतो.

झाकण प्लास्टिकचं असेल तर कोमट पाण्यानेही पटकन सुटतं कारण प्लास्टिक काचेच्या कितीतरी पट फुगतं. पण बाटलीही पातळ पारदर्शक प्लास्टिकची असली तर कडक पाणी नको, 70 अंशांच्या आसपास ती मऊ पडते आणि गळाच वाकडा होतो. फ्रिजमधून काढलेल्या काचेवर तर एकदम उकळतं पाणी कधीच नाही, तडा जातो. आधी कोमट, मग गरम. उघडल्यावर आटे ओल्या फडक्याने पुसून मगच झाकण लावा, नाहीतर पुढच्या महिन्यात परत हाच प्रश्न पाठवाल.

प्रश्न : औषधाच्या बाटलीचं टोपण टकटक करत नुसतं गोल फिरतंय. आटे गेले का?

उत्तर : नाही हो, ते लहान मुलांना उघडता येऊ नये म्हणून केलेलं टोपण आहे. तळव्याने खाली दाबा आणि दाबलेलं असतानाच फिरवा.

प्रश्न : नेलपॉलिशचं टोपण?

उत्तर : टोपण आणि गळा जिथे भेटतात तिथे नेलपॉलिश रिमूव्हरचे दोनतीन थेंब सोडा, पाच मिनिटं थांबा, मग फिरवा. काडी पेटवून टोपण तापवायचा सल्ला कुणी दिला तर ऐकू नका, आतलं बाहेरचं सगळंच पेट घेणारं आहे. नंतर गळ्याला बोटभर पेट्रोलियम जेली लावून ठेवा.

प्रश्न : जुन्या अत्तराच्या बाटलीचं काचेचं बूच निघत नाही. बाटली नाजूक आहे, आत थोडं अत्तरही आहे.

उत्तर : वरचं नक्षीदार टोक पिळू नका, तिथेच काच सगळ्यात बारीक असते आणि बूच आत राहून टोक हातात येतं. सांध्यावर स्पिरिटचा एखाददुसरा थेंब सोडा, वाळलेलं अत्तर त्यात विरघळतं. तेलही चालतं, पण ते आत झिरपलं तर अत्तर बिघडेल, म्हणून तेल फक्त रिकाम्या बाटलीला. रात्रभर उभी ठेवा. सकाळी गरम पाण्यात पिळलेलं फडकं फक्त गळ्याभोवती गुंडाळा म्हणजे बूच तापायच्या आधी गळा जरासा सैल होईल, आणि लाकडी चमच्याने बुचाला आलटून पालटून दोन्ही बाजूंनी हलकेच टिचक्या मारा. बाटली टॉवेलमध्ये धरा, फुटली तर निदान हात वाचेल. एका दिवसात नाही निघालं तर पुन्हा थेंब सोडा, अशी बुचं कधीकधी तिसऱ्या चौथ्या दिवशी निघतात.