खोल समुद्रातले मासे उजेड करतात तो कशासाठी?

हे मासे प्रकाश कसा तयार करतात आणि तो त्यांना अंधारात दिसावं म्हणून असतो का, असं तुम्ही विचारलंय. दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर बहुतेकांच्या बाबतीत ‘नाही’ असं आहे. त्यांचा प्रकाश मुख्यतः लपण्यासाठी असतो, आणि मला या विषयातली सगळ्यात विलक्षण गोष्ट हीच वाटते.

ल्युसिफेरिन या रेणूचा ऑक्सिजनशी संयोग होतो, ल्युसिफरेज हे एन्झाइम ती क्रिया घडवून आणतं आणि सुटलेली ऊर्जा प्रकाश म्हणून बाहेर पडते. पुष्कळ माशांना ल्युसिफेरिन भक्ष्यातूनच मिळतं. मिडशिपमन हा मासा फार खोलातला नाही, पण उदाहरण बोलकं आहे. अमेरिकेतल्या प्युजेट साउंड या खाडीतल्या मिडशिपमनना प्रकाशांगं (उजेड देणारे अवयव) असूनही ते चमकत नाहीत. ल्युसिफेरिन असलेले बारीक कवचधारी जीव त्यांना खायला घातले, की चमकू लागतात. अँगलरफिशची तऱ्हा वेगळी: मादीच्या डोक्यावर गळासारखी काडी असते, तिच्या टोकाशी चमकणारे बॅक्टेरिया राहतात. चित्रांत नेहमी तीच दिसते, म्हणून प्रकाश म्हणजे आमिष असा समज झालाय.

आता लपण्याबद्दल. साधारण 200 ते 1000 मीटर खोलीवर वरून अंधुक निळा उजेड झिरपत असतो. त्या उजेडासमोर माशाची काळी आकृती खालच्या शिकाऱ्याला स्पष्ट दिसते. हॅचेटफिश आणि लँटर्नफिशच्या पोटाकडे प्रकाशांगांच्या रांगा असतात. वरून येतो तेवढाच आणि त्याच रंगाचा उजेड ते खाली सोडतात, मग सावलीच पुसली जाते. वरचा उजेड कमीजास्त झाला, तर हॅचेटफिश आपलाही तसा बदलतो. शिवाय प्रकाशांगांच्या मागे आरसे आणि पुढे रंग गाळणारे पडदे! इतकी नेमकी जुळवणी मला दुसरीकडे क्वचितच दिसते.

तुम्हाला अभिप्रेत असलेली, अंधारात पाहण्यासाठीची बॅटरी मात्र एका माशाकडे नक्की आहे: मॅलाकोस्टिअस. त्याच्या डोळ्याखालून 700 नॅनोमीटर तरंगलांबीच्या आसपासचा गडद लाल प्रकाश निघतो. तिथल्या बहुतेक प्राण्यांचे डोळे फक्त निळाच प्रकाश टिपतात, त्यामुळे आपल्यावर झोत पडलाय हे भक्ष्याला कळतच नाही. त्याला स्वतःला तो लाल दिसतो तो डोळ्यातल्या हरितद्रव्यापासून आलेल्या रेणूमुळे, आणि असं हरितद्रव्य कुठलाच मासा स्वतः बनवू शकत नाही. तेही खाण्यातूनच येतं.