भाऊ कच्चा कैदी, मग एकांत कोठडी कोणाच्या हुकमाने?

प्रश्न : आम्ही पारधी. भाऊ चोरीच्या आरोपाखाली तुरुंगात आहे, खटला अजून उभा राहिलेला नाही. महिनाभर त्याला एकट्यालाच कोठडीत ठेवलंय आणि संडास धुवायला लावतात. ‘तुमची जातच सराईत’ असं ऐकवतात. तक्रार केली तर त्याला जास्त त्रास होईल का?

उत्तर : ताई, तुमची भीती खरी आहे. म्हणूनच तक्रार तुरुंगातल्या पेटीत टाकू नका, खटला ज्या कोर्टात आहे तिथेच अर्ज द्या. भाऊ कोर्टाच्या हुकमाने आत आहे. त्याच्या जिवाची जबाबदारी कोर्टाला झटकता येणार नाही.

एकांतवासाची शिक्षा फक्त कोर्ट देतं, तीही गुन्हा शाबीत झाल्यावर. भारतीय न्याय संहितेच्या कलम ११ व १२ नुसार ती सलग १४ दिवसांहून जास्त आणि एकूण तीन महिन्यांहून जास्त असू शकत नाही. तुरुंगातल्या बेशिस्तीसाठी अधीक्षक कैद्याला वेगळ्या कोठडीत ठेवू शकतो, पण शिक्षेच्या नोंदवहीत लिहून. शिवाय सुनील बत्रा या कैद्याच्या प्रकरणात १९७९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बजावलंय की अशी शिक्षा सत्र न्यायाधीशांच्या तपासणीशिवाय नको; तातडीची असेल तर दोन दिवसांत त्यांना कळवायचं. तेव्हा अर्जात एवढंच मागा : नोंदवही आणि सत्र न्यायाधीशांना दिलेली माहिती हजर करा. नोंद नसेल, तर महिनाभर कोठडी कशाच्या आधारावर, हे अधीक्षकांना सांगावं लागेल. ‘सुरक्षेसाठी ठेवलंय’ म्हणाले, तरी लेखी कारण मागायचंच.

आता जातीचं. अख्ख्या जमातींना जन्मजात गुन्हेगार ठरवणारा इंग्रजांचा गुन्हेगार जमाती कायदा १९५२ मध्ये गेला, तरी तुरुंगांच्या नियमांत तो तग धरून होता. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी पत्रकार सुकन्या शांता यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने जातीवरून काम वाटणारे नियम घटनाबाह्य ठरवले आणि कैद्यांच्या नोंदवहीतला जातीचा रकाना काढायला सांगितला. जातीवरून कुणी सराईत ठरत नाही. हा निकाल अर्जाला जोडाच.

वकिलाची फी नाही म्हणून थांबू नका. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे कैद्याला वकील मोफत मिळतो. पुढच्या तारखेला भावाने व्हीसीवर (व्हिडिओ कॉलवरून हजर) असलं तरी न्यायाधीशांना स्वतः सांगावं, आणि वकिलाने त्याच दिवशी वैद्यकीय तपासणीचा हुकूम मागावा. त्याला पुढे मारहाण झाली, तर आधीची नोंद हाती असेल. मुलाकतीला जाल तेव्हा तारखा आणि तो काय म्हणाला ते वहीत लिहून ठेवा.