सांगलीच्या स्टेशन चौकात स्टेशन का नाही?

कारण तिथलं स्टेशन मिरज-सांगली या छोट्या फाट्याचं होतं. पुणे-मिरज मीटरगेज (कमी रुंदीच्या रुळांची) लाईन सांगली गावाला बाजूला ठेवून माधवनगरवरून जायची. हळद-गुळाची एवढी मोठी पेठ, आणि गाडी गावाबाहेरून! म्हणून सांगली संस्थानाने स्वतःच्या पैशाने मिरजेपासून जेमतेम 8 किलोमीटरचा फाटा टाकला. तो 1907 साली सुरू झाला. मालकी संस्थानाची, गाड्या चालवायचं काम पुढे मद्रास अँड सदर्न मराठा रेल्वेकडे होतं. 1970 च्या सुमारास ब्रॉडगेज, म्हणजे जास्त रुंद रुळांची लाईन आली, मुख्य लाईनच विश्रामबागवरून वळवली आणि फाट्याची गरज संपली. चौकाचं नाव मात्र लोकांनी सोडलं नाही. मला विचाराल तर तिथे या फाट्याची माहिती देणारा एक फलक तरी लागायला हवा.