स्टोरी नसलेल्या शॉर्ट फिल्म्समध्ये बघायचं काय?

तुम्ही विचारलंय की ज्यात काही घडतच नाही अशा एक्सपेरिमेंटल शॉर्ट फिल्म्स लोक का बघतात, आणि आपल्याला कळत नाहीत म्हणजे आपलं काही चुकतंय का. अहो, चुकत काही नाही, फक्त 'पुढे काय' ची वाट बघणं सोडा आणि हेडफोन लावा, कारण बऱ्याचदा अर्धी फिल्म आवाजातच असते.

पायल कपाडियाची 'अँड व्हॉट इज द समर सेइंग' (2018) मिळाली तर आधी ती बघा, भीमाशंकरजवळच्या गावातली आहे आणि मराठीतच आहे. जंगल, वारा, मध शोधणारा माणूस, आणि गावातल्या बायका हळू आवाजात प्रेमाबद्दल बोलतायत, त्या दिसत नाहीत, फक्त ऐकू येतात. मला ती बघताना मे महिन्यातली दुपारची झोप आठवली, ते अर्धवट जाग असताना बाहेरचं बोलणं कानावर पडतं ना, तसं.

उलट योरिस इव्हेन्सची 'रेन' (1929) मूकपट आहे. ॲमस्टरडॅममध्ये पाऊस येतो आणि जातो, बस. पण ती एक सर वाटते तरी शूटिंग कित्येक महिने चाललं होतं, वेगवेगळे पाऊस जोडून तो एक पाऊस तयार केलाय. म्हणजे वातावरण आपोआप येत नाही, ते शॉट शॉट करून बांधावं लागतं.

हे मला स्वतः करताना समजलं. आम्ही कळव्याला अगदी रेल्वे लाइनला लागून राहतो. आजी गेल्यावर मी तिच्या स्वयंपाकघराची सहा मिनिटांची फिल्म मोबाइलवर केली, आधी त्यात माझा व्हॉइसओव्हर होता, आजी अशी होती तशी होती, सगळ्यांनी 'छान' म्हटलं आणि विषय संपला. मग बोलणं सगळं काढलं. राहिलं काय, तर बाहेर पाऊस, लोकल गेली की मांडणीवरच्या वाट्यांची किणकिण, आणि गॅसवर दूध. आई बघत होती, दूध वर यायला लागलं तशी ती पटकन म्हणाली, "अरे गॅस बारीक कर!" आणि मग बराच वेळ काही बोललीच नाही.

नुसता स्लो मोशन आणि वर पियानो, अशाही भरपूर असतात, त्या खुशाल बंद करा. पण चांगली असेल ती रात्री लाइट घालवून बघा, गाडीत मोबाइलवर नको.