मित्राच्या गेम सर्व्हरला जॉईन होता येत नाही, तो म्हणतो तुझंच नेट खराब आहे. माझ्या राउटरवर पोर्ट फॉरवर्डिंग कसं करू?

करू नका. पोर्ट, म्हणजे बाहेरच्यांना आत यायला राउटरमधलं नंबर असलेलं दार, ज्याच्या घरी सर्व्हर आहे त्याने उघडायचं असतं, जॉईन होणाऱ्याने नाही. खरं तर उत्तर इथंच संपलं. पण पुढं तुम्ही लिहिलंय की मित्र स्वतः दुसऱ्या लॅपटॉपवरून त्या सर्व्हरवर जातो, त्याच्याकडं ‘एकदम मक्खन’ चालतं, आणि तुम्ही तालुक्याच्या गावी राहता म्हणून तो तुमच्या नेटला नावं ठेवतोय. हे वाचलं आणि ताटावरून उठून लिहायला बसलो. कारण हे सगळं माझ्याबरोबर जसंच्या तसं घडलंय.

२०२१ चा मे महिना, दुसऱ्या लाटेचे दिवस. मी मिरजेत, एक मित्र कोल्हापुरात आणि तिसरा पुण्यात. तिसऱ्याला आपण पुणेकर म्हणू. तसा तो जन्माने मिरजेचाच, ब्राह्मणपुरीतला, आणि आयुष्यात पहिल्यांदा माउस धरला तो माझ्या घरच्या पीसीवर. पण हिंजवडीत सहा वर्षं काढली की माणसाला मिरजेचं पाणीसुद्धा जड लागतं.

व्हॅलहाईम हा गेम त्याच फेब्रुवारीत अर्ली ॲक्सेसमध्ये, म्हणजे पुरा व्हायच्या आधीच विकायला, आला होता आणि महिन्याभरात त्याच्या ५० लाख प्रती खपल्या होत्या. डाउनलोड जेमतेम एक जीबी, एका जगात दहा जणांना खेळता येतं, आणि काम काय तर मेलेला व्हायकिंग होऊन उतरायचं, लाकडं तोडायची, घर बांधायचं, एकेक राक्षस लोळवत पुढं सरकायचं. घरात कोंडलेल्या तीन माणसांना आणखी काय पाहिजे?

पुणेकर म्हणाला, साधं होस्टिंग नको, डेडिकेटेड सर्व्हर लावू. इथं तो बरोबर होता, हे मी मान्य करतो. साध्या होस्टिंगमध्ये जग होस्टच्या पीसीवर राहतं, आणि तो गेम बंद करून झोपायला गेला की सगळे बाहेर. डेडिकेटेड सर्व्हर वेगळ्या मशीनवर चोवीस तास चालू ठेवता येतो. स्टीम या पीसी गेमच्या ऑनलाइन दुकानात, टूल्समध्ये, तो फुकट मिळतो. त्याने जुन्या पीसीवर तो लावला, आपल्या राउटरमध्ये २४५६ ते २४५८ हे यूडीपी (डेटा पाठवायची एक पद्धत) पोर्ट फॉरवर्ड केले, आणि आम्हाला आयपी, म्हणजे नेटवरचा पत्ता, पाठवला. तेव्हा स्टीमच्या सर्व्हर यादीत आयपी आणि पुढं २४५७ असं फेव्हरिटमध्ये टाकायला लागायचं. टाकलं. सर्व्हर उत्तरच देईना.

“तुझं नेट गंडलंय,” पुणेकर.

“अरे, मी आत्ता यूट्यूब बघतोय.”

“यूट्यूब वेगळं, गेम वेगळा. तिकडचं नेट तसलंच. पोर्ट उघड.”

कोल्हापूरकरालाही जमत नव्हतं. त्यावर पुणेकराचं म्हणणं, तोही तिकडचाच ना! कोल्हापूरकर शहाणा. तो दोन दिवसांत नाद सोडून ऑनलाइन बुद्धिबळाकडं वळला. मी मात्र इरेला पेटलो.

आठ रात्री. १९२.१६८.१.१ हे राउटरच्या सेटिंगचं पान मी त्या आठवड्यात जेवढं उघडलं तेवढं आयुष्यात कधी उघडलं नव्हतं. राउटर रिसेट केला, तेव्हा केबलवाल्याने घातलेली सेटिंग उडाली आणि घरचं सगळं नेट बंद पडलं. बाबांची रात्रीची मालिका बुडाली. ते काही बोलले नाहीत, फक्त राउटरकडं आणि मग माझ्याकडं बघितलं. मग कळलं की भिंतीवरचा फायबरचा पांढरा डबा हासुद्धा एक राउटरच आहे, आणि त्याच्या पुढं माझा राउटर, म्हणजे एकात एक दोन दारं. दोन्हीकडं पोर्ट उघडले. विंडोजची फायरवॉल बंद केली (तुम्ही हे करू नका, मूर्खपणा होता). अँटिव्हायरस काढला. वायफाय सोडून वायर ओढली, ती स्वयंपाकघराच्या दारातून जात होती आणि आई रोज एकदा अडखळायची. रोज रात्री अकराला पुणेकर विचारायचा, “झालं का?” आणि नाही म्हटलं की तोच पुण्याचा उसासा. पहिल्या रात्री त्याने आपल्या लॅपटॉपचा फोटो पाठवला होता, सर्व्हरवर तो एकटाच लाकडं तोडत होता. खाली लिहिलेलं, “माझ्याकडं तर चालतंय.”

हे वाक्य लक्षात ठेवा. तुमचा मित्रही तेच म्हणतोय. त्याचा लॅपटॉप आणि सर्व्हर एकाच वायफायवर आहेत. तो बाहेरून आत येतच नाही, तो हॉलमधून स्वयंपाकघरात जातोय. त्याच्या दाराला बाहेरून कुलूप असेल तरी त्याला कधी कळणार नाही.

नवव्या दिवशी मी केबलवाल्याला बोलावलं. आमच्याकडं नेट अजून ‘केबलवाला’च देतो, पूर्वी टीव्हीची केबल ओढायचा तोच माणूस. मास्क हनुवटीवर घेऊन त्याने माझी पोर्टची यादी बघितली आणि विचारलं, “कॅमेरे लावताय काय?” मी म्हटलं, नाही, गेम. मित्राचा सर्व्हर पुण्यात आहे, मला जॉईन व्हायचंय. तो हसायला लागला.

“अहो, सर्व्हर पुण्यात, मग पोर्ट मिरजेत कशाला उघडताय? मी सराफांच्या दुकानात डीव्हीआर, कॅमेऱ्याचं रेकॉर्डिंग करणारा डबा, बसवतो. मालक घरातनं मोबाईलवर दुकान बघतो. पोर्ट दुकानातल्या राउटरला उघडतो मी. मालकाच्या मोबाईलला कोण पोर्ट उघडतंय काय?”

आठ रात्री, इंटरनेटवरचे वीसेक लेख आणि हिंजवडीचा एक सीनियर इंजिनियर यांनी मला जे सांगितलं नाही, ते या माणसाने चहा यायच्या आत सांगितलं. तुम्ही बाहेर जाता तेव्हा तुमचा राउटर आपोआप नोंद ठेवतो आणि आलेलं उत्तर तुमच्यापर्यंत आणून पोचवतो. न बोलावता कुणी बाहेरून आलं, तर ते कुणाकडं पाठवायचं हे मात्र राउटरला सांगून ठेवावं लागतं. तेवढ्यासाठीच पोर्ट फॉरवर्डिंग. पाहुणा तुम्ही आहात, दार त्याचं आहे.

पुणेकराला सांगितलं. तो म्हणाला, “आता केबलवाला मला नेटवर्किंग शिकवणार?” आणि, “मी पोर्ट उघडलेत, स्क्रीनशॉट पाठवू?” पाठवला. उघडलेले होते खरेच. मग मी, म्हणजे केबलवाल्याने, त्याच्या राउटरच्या पानावरचा वॅन आयपी, म्हणजे राउटरला बाहेरच्या बाजूने मिळालेला पत्ता, विचारला. १०० ने सुरू होत होता, पुढचा आकडा ऐंशीच्या घरातला.

“पब्लिकच आहे,” पुणेकर. “१० नाही, १९२ नाही.” घरातल्या नेटवरचे खासगी पत्ते बहुधा या आकड्यांनी सुरू होतात, आणि पब्लिक म्हणजे बाहेरून थेट पोचता येणारा.

केबलवाला फोन स्पीकरवर असतानाच म्हणाला, “नाही ओ, ह्यो कंपनीचा आतला नंबर.”

तर १००.६४ पासून १००.१२७ पर्यंतचे पत्ते २०१२ मध्ये खास नेट कंपन्यांच्या अशा आतल्या वापरासाठी राखून ठेवलेत. जुन्या पद्धतीचे आयपी पत्ते एकूण चार अब्ज तीस कोटींच्या आसपास. त्यांचा जागतिक मुख्य साठा २०११ मध्येच वाटून संपला. मग नेट कंपन्या काय करतात, एका खऱ्या पत्त्यामागं शेकडो गिऱ्हाईकं बसवतात, याला सीजीनॅट म्हणतात. म्हणजे पुणेकराच्या राउटरच्या बाहेर कंपनीचा आणखी एक मोठा राउटर होता, आणि तिथं त्याचा काही अधिकार चालत नव्हता. आपल्या फ्लॅटचं दार सताड उघडं ठेवून तो बसला होता, आणि सोसायटीचं गेट बंद. आम्हाला पाठवलेला आयपी गेटचा होता. आठ दिवस मी त्या गेटवर डोकं आपटत होतो आणि नावं कुणाला ठेवली जात होती? मिरजेला.

त्याने कंपनीला फोन केला. स्वतंत्र पब्लिक आयपी घरगुती प्लॅनवर मिळत नाही म्हणाले. केबलवाल्याने मला वर्षाला दीड हजारात दिला, शिवाय पांढरा डबा ब्रिज मोडवर टाकून, म्हणजे त्याचं राउटरपण काढून, एक दार कमी करून दिलं. सर्व्हर मिरजेत आला, माझ्या जुन्या पीसीवर. त्याच रात्री पुणेकर पहिल्या झटक्यात जॉईन झाला. मी विचारलं, “नेट कसंय आमच्याकडचं?” तो म्हणाला, “आज बरं दिसतंय.” आज! सर्व्हरचा पासवर्ड मी ‘तिकडचंनेट’ ठेवला, इंग्रजी अक्षरांत. त्याला दर वेळी टाइप करायला लागायचा.

वळवाचा पाऊस आला की लाईट जायची आणि सर्व्हर पडायचा, शेवटच्या सेव्हनंतरचं सगळं पाण्यात. त्याबद्दल मी बोलणी खाल्ली, ती रास्त होती. यूपीएस घेतला. जुलैत पूर आला तेव्हा सर्व्हर बंदच होता, त्या दिवसांत गेम कुणाला आठवला नाही.

आता तुमच्या कामाचं. मित्राला सांगा, राउटरच्या पानावर वॅन आयपी बघ, आणि ‘माझा आयपी काय’ असं शोधल्यावर वेबसाइट दाखवते तो आयपी बघ. दोन्ही वेगळे असतील तर मध्ये आणखी एक राउटर आहे. घरातलाच असेल तर ब्रिज करता येईल, कंपनीचा असेल तर पोर्ट उघडून काही होणार नाही. मग एक तर पब्लिक आयपी विकत घ्यायचा, नाही तर टेलस्केल किंवा झीरोटियरसारखं काहीतरी सगळ्यांच्या पीसीवर टाकायचं, म्हणजे सगळे जणू एकाच घरच्या नेटवर आल्यासारखे होतात. पूर्वी आम्ही यासाठी हमाची वापरायचो. बहुतेक गेमना तर यातलं काहीच लागत नाही. स्टीमवर मित्राच्या नावावर राईट क्लिक करून जॉईन गेम, झालं. व्हॅलहाईमलाही साध्या होस्टिंगमध्ये पोर्ट लागत नाही, आणि २०२२ मध्ये क्रॉसप्ले (वेगवेगळ्या प्लॅटफॉर्मवरच्यांनी एकत्र खेळणं) आल्यापासून डेडिकेटेड सर्व्हरसुद्धा त्या पर्यायासह चालवला तर नुसता जॉईन कोड पुरतो. स्टारड्यू व्हॅलीत निमंत्रणाचा कोड असतो. इट टेक्स टूमध्ये तर एकाने विकत घेतला की दुसरा फ्रेंड्स पासवर फुकट खेळतो.

दोन्हीकडं गेमची आवृत्ती एकच आहे ना, हे सगळ्यांत आधी बघा. एकाचा अपडेट झालाय आणि दुसऱ्याचा नाही, एकाने मॉड (गेममध्ये बदल करणाऱ्या बाहेरच्या फाइल्स) टाकलेत, यातच निम्मे लोक अडकतात. आणि सर्व्हर पहिल्यांदा सुरू करताना विंडोज परवानगी मागतं, तिथं घाईत कॅन्सल दाबायची मित्राला सवय असेल तर तेही विचारा.

पाहुण्याचा दोष कधीच नसतो असं मात्र नाही. काही गेममध्ये मध्ये सर्व्हर नसतो, सगळे पीसी एकमेकांशी थेट बोलतात. तिथं तुमच्या राउटरचा कडक नॅट (आतले आणि बाहेरचे पत्ते जुळवायची त्याची पद्धत) आडवा येऊ शकतो. आणि जॉईन झाल्यावर जे अडकत अडकत चालतं, ते वेगळं प्रकरण. व्हॅलहाईममध्ये एखाद्या भागात जो आधी शिरतो, त्याचा पीसी तिथले राक्षस हलवतो, सर्व्हर डेडिकेटेड असला तरी. म्हणजे दलदलीत मी पुढं असलो आणि पुणेकराला प्रेतं थांबून थांबून अंगावर येताना दिसली, तर ते माझ्या मशीनमुळं आणि माझ्या अपलोडमुळं होतं. हे मला वर्षभराने कळलं. त्याला मी अजून सांगितलेलं नाही, आणि तो मराठी उत्तरं वाचत नाही.

तुमचं अजून अडत असेल तर कमेंटमध्ये वॅन आयपी टाका. नको, सगळा आयपी असा चारचौघांत टाकू नका. पहिले दोन आकडे पुरे. तुमचे नव्हे, मित्राचे.