क्रिकेट आणि फुटबॉल, दोन्ही मोठ्या पातळीवर खेळलेला आपल्याकडे कुणी आहे का?

तुमचा बारा वर्षांचा मुलगा दोन्ही खेळतो, कोच म्हणतात एक सोड, आणि असा कुणी भारतीय झालाय का, असं तुम्ही विचारलंय. झालाय. चुनी गोस्वामी. आणि त्यांना रणजी करंडक मिळू दिला नाही तो आपल्या मुंबईनेच!

1962 साली जकार्ताच्या आशियाई स्पर्धेत भारताने फुटबॉलचं सुवर्णपदक जिंकलं, तेव्हा कर्णधार होते चुनी. उपांत्य सामन्यात दक्षिण व्हिएतनामविरुद्ध 3-2 असा विजय मिळाला, त्यातले दोन गोल त्यांचे. अंतिम सामन्यात दक्षिण कोरियाला 2-1 ने हरवलं. आणि त्याच 1962-63 च्या मोसमात ते बंगालकडून पहिला प्रथम श्रेणी क्रिकेट सामना खेळले. एका खेळात शिखरावर असलेला माणूस दुसऱ्या खेळात नवखा म्हणून उतरतो, याचं मला फार अप्रूप वाटतं.

क्रिकेटमध्ये ते नुसते हौशी नव्हते. 1966 साली इंदूरला गॅरी सोबर्स कर्णधार असलेल्या, भारत दौऱ्यावर आलेल्या वेस्ट इंडीज संघाला मध्य आणि पूर्व विभागाच्या संयुक्त संघाने डावाने हरवलं. मध्यमगती गोलंदाजी करणाऱ्या चुनींच्या त्या सामन्यात आठ विकेट्स. मग 1968-69 चा रणजी अंतिम सामना, मुंबईच्या ब्रेबॉर्न स्टेडियमवर, मुंबईविरुद्ध. चुनींनी 96 आणि 84 धावा केल्या. तरी सामना अनिर्णित राहून पहिल्या डावातल्या जास्त धावांच्या जोरावर करंडक मुंबईकडेच राहिला. 1971-72 मध्ये ते बंगालचे कर्णधार म्हणून पुन्हा अंतिम सामन्यात आले, पुन्हा समोर मुंबई, पुन्हा हार. सलग पंधरा वर्षं करंडक न सोडणारा संघ होता तो. मुंबईकर म्हणून मला त्याचा अभिमान आहे, पण चुनींसाठी वाईटही वाटतं.

त्यांना हे जमलं ते गुणांमुळे, पण कलकत्त्याच्या वेळापत्रकामुळेही. तिथली फुटबॉल लीग उन्हाळ्या-पावसाळ्यात, क्रिकेट थंडीत. शिवाय आंतरराष्ट्रीय फुटबॉल त्यांनी सत्ताविसाव्या वर्षीच सोडलं, म्हणून पुढची वर्षं क्रिकेटला देता आली. मुंबईत मात्र पावसातही क्लब क्रिकेटची कांगा लीग असते. चिखलात, ओल्या विकेटवर. म्हणजे क्रिकेट इथे फुटबॉलला त्याचा हक्काचा मोसमसुद्धा पूर्ण देत नाही.

परदेशातलं नाव घ्यायचं तर डेनिस कॉम्प्टन. इंग्लंडकडून 78 कसोटी आणि आर्सेनलकडून फुटबॉल. 1947 च्या एकाच मोसमात 18 शतकं, 1950 मध्ये एफए कप, म्हणजे इंग्लंडमधला मोठा फुटबॉल करंडक. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात लष्करी नोकरीमुळे ते इंदूरजवळच्या महूला होते, म्हणून होळकर संघाकडून रणजी खेळले आणि 1944-45 च्या अंतिम सामन्यात ब्रेबॉर्नवरच नाबाद 249 केल्या. तेही मुंबईकडून हरले. विजय मर्चंटनी 278 केल्या होत्या त्या सामन्यात!

पण कॉम्प्टनची दुसरी बाजूही तुम्हाला सांगायला हवी. 1938 मध्ये फुटबॉल खेळताना गोलकीपरशी टक्कर होऊन त्यांच्या गुडघ्याला मार बसला. ते दुखणं पुढे इतकं वाढलं की 1955 मध्ये गुडघ्याची वाटीच काढावी लागली. त्यानंतरही ऑस्ट्रेलियाविरुद्ध ओव्हलवर त्यांनी 94 धावा काढल्या, पण किती वेदना सोसून, याचा विचार करा.

म्हणून माझं स्पष्ट मत: बाराव्या वर्षी काहीही सोडायला लावू नका. चुनी सीमारेषेवर झेलामागे पळायचे ते पाय फुटबॉलनेच घडवलेले होते. शाळेचे फुटबॉल सामने बहुतेक पावसाळ्यात होतात, गाइल्स-हॅरिस शील्ड या शालेय क्रिकेट स्पर्धा थंडीत, तेव्हा शाळेत असेपर्यंत दोन्ही निभतं. खरा पेच पडेल तो एखाद्या क्लबकडून कांगा खेळायची वेळ येईल तेव्हा. त्या वेळी निवड मुलाला करू द्या. तोवर एवढंच पाहा, की एकाच दिवशी सकाळी नेट्स आणि संध्याकाळी फुटबॉलची मॅच असं होऊ देऊ नका, आणि गुडघा दुखतोय म्हणाला तर त्या आठवड्यात दोन्ही बंद.